एक्सकॉम २ मध्ये शिपाई दमतात म्हणजे नेमकं काय होतं आणि टीम कशी फिरवायची

टर्न बेस्ड स्ट्रॅटेजी, म्हणजे पाळीपाळीने चाली करायचे गेम, खेळणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाची एक लाडकी टीम असते. पाच-सहा जण, नावं आपणच दिलेली, चिलखताचे रंग पण आपणच निवडलेले, आणि एकदा का ही मंडळी वरच्या रँकला पोचली की दुसऱ्या कुणाला सोबत न्यायची इच्छाच होत नाही. एक्सकॉम २, म्हणजे शिपायांची टीम घेऊन एलियनशी लढायचा गेम, २०१६ ला आला तेव्हा ही सवय खपून जायची. शिपाई जखमी झाला तर काही दिवस पडून राहायचा, नाहीतर आज मिशन, परवा मिशन, तेरवा मिशन, तेच सहा जण. म्हणजे जो चांगला खेळतो, गोळ्या खात नाही, त्याला राखीव माणसं लागायचीच नाहीत, त्याचे सहा जण अजून तगडे होत जायचे आणि तगडे झाल्यामुळे अजूनच कमी जखमी व्हायचे. आणि ज्याची टीम एखाद्या मिशनमध्ये कापली गेली त्याच्याकडे मागे फक्त नवखे शिपाई, म्हणजे रूकी, त्यामुळे त्याचा कारभार तिथेच आटोपला.

२०१७ च्या ऑगस्टमध्ये वॉर ऑफ द चोझन हे एक्सपान्शन, म्हणजे गेममधली मोठी भर, आलं आणि गेम बनवणाऱ्या फिरॅक्सिसने नेमकं इथेच बोट ठेवलं. आता शिपायाला ओरखडासुद्धा न येता तो मिशनवरून दमून परत येऊ शकतो. बऱ्याच जणांना हा प्रकार सुरुवातीला शिक्षा वाटतो, मी एवढं परफेक्ट खेळलो तरी माझा बेस्ट माणूस मला का मिळत नाही असं वाटतं, पण सिस्टीम एकदा नीट कळली की सगळा कॅम्पेनच वेगळ्या पद्धतीने प्लॅन करता येतो, आणि माझ्या मते तो जास्त मजेदार होतो.

तर सगळा खेळ विल या आकड्याचा आहे. आधीच्या गेममध्ये पण विल होतंच, पण तिथे तो शिपायाचा एक ठरलेला गुण होता, एलियनने डोक्यावर ताबा मिळवायचा प्रयत्न केला किंवा पॅनिकची वेळ आली की तो बघितला जायचा, बाकी वेळ कुणी ढुंकूनही पाहायचं नाही. वॉर ऑफ द चोझनमध्ये तोच विल खर्च होणारा पट्टा बनला. शिपायाला गोळी लागली की विल खाली, शेजारचा साथीदार मेला की विल चांगलंच खाली, आणि मिशन जितकं लांबत जातं तितके असे प्रसंग जास्त येतात म्हणून लांबलेलं मिशन कुणालाच सोसत नाही. पट्टा हिरवा आहे तोवर शिपाई ताजा. पिवळा झाला की गेम त्याला टायर्ड म्हणतो. लाल झाला की शेकन. बेसवर बसून दिवस गेले की पट्टा हळूहळू परत भरतो, आणि इथे लक्षात घ्या, हा भरण्याचा वेग मिशनच्या वेगापेक्षा बऱ्यापैकी कमी आहे, सगळी अडचण या एका गोष्टीतून येते.

पिवळ्या शिपायाला मिशनवर नेता येतं. गेम अडवत नाही, आणि म्हणूनच लोक फसतात. स्क्वॉड निवडायच्या स्क्रीनवर तो पिवळा शिपाई कर्नल रँकचा दिसतोय, त्याच्या बाजूला हिरवा पण खालच्या रँकचा कॉर्पोरल, हात आपसूक कर्नलवरच जातो. पण दमलेल्या माणसाचं मिशन अर्ध्या रिकाम्या पट्ट्याने सुरू होतं आणि पॅनिकची शक्यता तिथून खूप वाढते.

एक प्रसंग डोळ्यासमोर आणा म्हणजे कळेल. तुमचा शार्पशूटर, म्हणजे लांबून नेम धरणारा शिपाई, पिवळा आहे, त्याला गच्चीवर बसवलंय, खाली ग्रेनेडियर आणि जवळून लढणारा रेंजर पुढे सरकतायत, आणि या टर्नला शार्पशूटरने समोरच्या म्यूटॉन या एलियनला उडवलं तरच रेंजरला पुढे जाता येणारे असा सगळा हिशोब तुम्ही लावून ठेवलाय. एलियनच्या टर्नला रेंजरला गोळी लागते, रेंजर मरत नाही, पण शार्पशूटरचं विल अजून घसरतं आणि तो पॅनिक होतो. आता तो तुमच्या हातात नाही, पळत सुटेल, नाहीतर गोळी झाडेल, नाहीतर अंग चोरून बसेल, काय करेल ते गेम ठरवणार. म्यूटॉन जिवंत, रेंजर उघड्यावर, मिशनचा टायमर चालूच. मग पुढच्या टर्नला रेंजर खरंच पडतो आणि त्याचा धक्का उरलेल्या सगळ्यांच्या विलला बसतो. म्हणजे एक दमलेला माणूस नेल्यावर धोका त्याच्या एकट्यापुरता राहत नाही, आख्खी टीम ओढली जाते. कर्नलचा नेम कॉर्पोरलपेक्षा चांगला असतो हे खरंय, पण ज्या टर्नला तो तुमचं ऐकतच नाही त्या टर्नला त्या नेमाचा काय उपयोग.

पॅनिक निदान त्या मिशनपुरतं असतं. दमलेल्या अवस्थेत लढवलं की शिपायाला खोडी चिकटू शकतात आणि त्या मिशन संपलं तरी सुटत नाहीत. काहींना एखाद्या ठराविक एलियनची भीती बसते, म्हणजे वायपर दिसली की याचे हातपाय गळू शकतात. काहींना आगीची भीती. एक खोड तर अशी आहे की मॅगझिनमध्ये गोळ्या शिल्लक असताना पण शिपाई स्वतःहून एक ॲक्शन रिलोड करण्यात घालवू शकतो. ही खोड रेंजरला लागली तर चिडचिड होते, शार्पशूटरला लागली तर मात्र त्याचं कामच बोंबलतं, कारण स्नायपर रायफलच्या साध्या शॉटला दोन्ही ॲक्शन लागतात, त्यातली एक रिलोडमध्ये गेली की त्या टर्नला रायफलचा शॉटच नाही. उलट आगीची भीती शार्पशूटरला लागली तर मी लगेच धावपळ करत नाही, तो बहुतेक वेळ लांब कुठेतरी उंचावर असतो, आगीशी त्याचा संबंध किती येणारे. खोड कुठली आणि कुणाला लागलीय हे बघून उपचार करायचे, लागली म्हणून लगेच करायचे नाहीत, कारण उपचारासाठी शिपाई इन्फर्मरीमध्ये ठेवावा लागतो आणि तेवढे दिवस तो तुमच्या हिशोबातून गेलेला असतो. तरी इन्फर्मरी ही खोली बांधा. जखमा लवकर भरायला पण तिचाच उपयोग होतो आणि खोडी काढायची सोय तिथेच आहे.

आता मुख्य प्रश्न, माणसं किती लागतात.

समजा मिशन साधारण आठवड्याच्या अंतराने येतायत आणि दमलेला शिपाई परत हिरवा व्हायला तुमच्या कॅम्पेनमध्ये दहा-बारा दिवस लागतायत. हे आकडे मी हिशोबासाठी धरलेत, प्रत्येकाच्या खेळात वेगळे निघतील. पहिल्या मिशनला सहा जण गेले आणि समजा सगळेच दमून आले. आठ दिवसांनी दुसरं मिशन आलं तेव्हा ते सहाच्या सहा अजून पिवळे. म्हणजे दुसरे सहा हवेत. तिसरं मिशन येईपर्यंत पहिले सहा हिरवे झालेले असतील. तर कागदावर बारा जण पुरतात. पण कागदावर कुणी जखमी होत नाही. प्रत्यक्षात दोघं-तिघं जखमी असणारच, दोघं-तिघं कोव्हर्ट ॲक्शनवर, म्हणजे बाहेरच्या गुप्त कामावर असणार, एखादा इन्फर्मरीत. म्हणून मी कॅम्पेनच्या मध्यापर्यंत सोळा ते अठरा वापरता येण्यासारखे शिपाई धरून चालतो, आणि वापरता येण्यासारखे म्हणजे निदान सार्जंटच्या आसपास पोचलेले, नुसती नावं भरून उपयोग नाही. सुरुवातीला स्क्वॉड चारचाच असतो आणि बेसवरच्या गुरिल्ला टॅक्टिक्स स्कूल या खोलीतून तो पाच आणि मग सहाचा करता येतो, तेव्हा अगदी पहिल्या महिन्यात आठ-दहा जणांवर भागतं. पण गंमत अशी की दुसरी फळी तयार करायची खरी वेळ हीच असते, कारण पहिल्या महिन्यातली मिशन्स सोपी असतात आणि नवख्या माणसाला तिथे जगायची संधी असते. चार महिन्यांनी तुमच्या लाडक्या टीमला दम लागला आणि तेव्हा तुम्ही पहिल्यांदा रूकींना बाहेर काढलंत तर समोर जे एलियन उभे असतील ते रूकीच्या आवाक्यातले नसतात.

म्हणून माझा सरळ नियम असा आहे की कुठल्याही साध्या मिशनला चार ताजे अनुभवी आणि दोन शिकाऊ. शिकाऊंना मारायला सोपे उरलेले एलियन द्यायचे, अनुभवी माणसाने अर्धमेला करून ठेवायचा आणि शेवटची गोळी शिकाऊने झाडायची. रूकीला गुरिल्ला टॅक्टिक्स स्कूलमध्ये बसवून त्याचा क्लास, म्हणजे शार्पशूटर, रेंजर वगैरे प्रकार, पण ठरवता येतो, ते करा, कारण थकव्याच्या हिशोबात क्लासचा समतोल फार महत्त्वाचा आहे. दोन्ही टीममध्ये एकेक स्पेशालिस्ट, म्हणजे जखमींना हील करणारा, हवाच. सगळे चांगले स्पेशालिस्ट एकाच टीममध्ये गेले आणि एकदमच दमले तर पुढच्या मिशनला हील करायला कुणीच नाही, आणि हील करायला कुणी नाही म्हणजे जखमा जास्त, जखमा जास्त म्हणजे विल अजून खाली.

यातच एक गोष्ट बरेच लोक विसरतात की सगळी मिशन्स सारखी नसतात. काही मिशन्स तुमच्यावर येऊन पडतात, गुरिल्ला ऑप्स, रिटॅलिएशन वगैरे, तिथे तारीख तुमच्या हातात नसते, त्या दिवशी जो हिरवा असेल तो घेऊन जायचं. पण ब्लॅकसाइट, फोर्ज अशी कथेतली मोठी मिशन्स किंवा चोझन या तीन बड्या शत्रूंच्या अड्ड्यावरचा हल्ला, हे एकदा उघडलं की कधी जायचं ते तुम्ही ठरवता. तेव्हा मोठ्या मिशनची तारीख मनात धरून त्याच्या आधी येणारं साधं मिशन मुद्दाम दुसऱ्या फळीकडून करून घ्यायचं आणि पहिली फळी पूर्ण हिरवी करून मग निघायचं. एलियनच्या अवतार प्रोजेक्टचा लाल पट्टा, जो भरला की हरायची वेळ येते, पुढे सरकत असतो म्हणून अनंत काळ थांबता येत नाही हे मान्य, पण चार-पाच दिवस थांबल्याने कॅम्पेन बुडत नाही आणि पिवळी टीम घेऊन चोझनच्या अड्ड्यात घुसल्याने मात्र बुडू शकतो. चोझन म्हणजे असासिन, हंटर आणि वॉरलॉक, तिघंही शिपायांच्या डोक्यावर परिणाम करण्यात किंवा त्यांना निकामी करून ठेवण्यात पटाईत आहेत, तिथे विल भरलेलं असणं ही चैन नाहीये.

कोव्हर्ट ॲक्शन हा दमलेल्या माणसांचा सगळ्यात चांगला उपयोग. जखमी शिपाई तिथे पाठवता येत नाही पण दमलेला चालतो, तो तसाही मिशनला नेणार नसतोच, आणि बाहेरच्या कामात दिवस जाता जाता त्याचा थकवा पण उतरतो. परत येताना तो काहीतरी घेऊन येतो, कधी सप्लाय, कधी नवा माणूस, काही कामांत शिपायाला स्वतःलाच बढती किंवा स्टॅटमध्ये वाढ मिळते. फक्त कामासोबत लिहिलेला धोका वाचा. ॲम्बुशचा धोका असेल तर तिथे गेलेल्या दोन-तीन जणांना अचानक लढावं लागू शकतं आणि ते जर सगळेच पिवळे असतील तर तुम्ही स्वतःहून त्यांना खड्ड्यात ढकललंय. अशा कामाला निदान एक ताजा माणूस जोडून द्या.

बाँडचा पण विचार करावा लागतो. दोन शिपाई एकत्र मिशन करत राहिले की त्यांची जोडी जमते आणि जोडीचे फायदे जबरदस्त आहेत, एकजण दुसऱ्याला स्वतःची ॲक्शन देऊ शकतो, वरच्या पायरीला अजून बरंच काही मिळतं. पण जोडी एकत्र जाते म्हणजे एकत्रच दमते. म्हणून जोड्या एकाच टीममध्ये ठेवायच्या आणि अख्खी जोडीच आत-बाहेर करायची, एक हिरवा आणि एक पिवळा असं झालं की जोडीचा फायदा पण जातो आणि पिवळ्याला ओढून न्यायचा मोह पण होतो. तसंही बाँडची पुढची पायरी गाठायला दोघांना ट्रेनिंग सेंटरमध्ये काही दिवस बसवावं लागतं, ते दिवस दोघं दमलेले असतानाचेच निवडले की विश्रांतीत ट्रेनिंग पण होऊन जातं. सायऑनिक, म्हणजे मनाच्या शक्तीने लढणाऱ्या, शिपायांचंही तसंच, ते साय लॅबमध्ये शिकतात, मिशनवर न जाताही त्यांची प्रगती चालू राहते. आणि ज्यांच्याकडे शेन्स लास्ट गिफ्ट हा डीएलसी, म्हणजे गेमला जोडायची वेगळी भर, आहे त्यांच्यासाठी स्पार्क नावाचा रोबोट आहे, त्याला थकवा नाही, पॅनिक नाही, फक्त मोडला की दुरुस्तीला वेळ लागतो. सगळे पिवळे आणि अचानक मिशन आलं अशा दिवशी हा एक स्पार्क किती कामाला येतो ते खेळल्याशिवाय कळत नाही.

मिशनच्या आत विल वाचवणं हा भाग छोटा आहे पण राहून जातो. मार खायचा नाही हे तर आहेच. त्याशिवाय एका वेळी एकच एलियनचा गट जागा करायचा, तो पहिल्या टर्नलाच जितका कमी करता येईल तितका करायचा, ग्रेनेड शेवटच्या क्षणासाठी साठवून ठेवायचे नाहीत. बरेच जण पाच ग्रेनेड शिल्लक ठेवून मिशन जिंकतात आणि दोन शिपाई मात्र जखमी आणि दमलेले घेऊन परततात. ग्रेनेड पुढच्या मिशनला फुकट परत मिळतात, विल मिळत नाही.

बाकी गेम्सनी हाच प्रश्न वेगवेगळ्या वाटेने सोडवलाय आणि ते बघितलं की एक्सकॉमची पद्धत अजून स्पष्ट होते. खरंतर मिशननंतर दमण्याची कल्पना एक्सकॉमच्या खेळाडूंना वॉर ऑफ द चोझनच्या आधीच माहिती होती, २०१२ च्या एक्सकॉम वर बनवलेल्या लाँग वॉर या मॉडमध्ये, म्हणजे चाहत्यांनी गेममध्ये केलेल्या बदलात, शिपाई मिशननंतर काही दिवस थकलेले राहायचे. पुढे २०१७ च्या जानेवारीत आलेल्या लाँग वॉर २ ने वेगळाच मार्ग काढला, तिथे मिशनच्या आधीच टीमला कित्येक दिवस इन्फिल्ट्रेशन, म्हणजे शत्रूच्या हद्दीत गुपचूप शिरकाव, करत बसावं लागतं, म्हणजे दमलेले नसले तरी ते दिवस ती माणसं गुंतलेली आणि तुम्हाला दुसरी टीम, तिसरी टीम उभी करावीच लागते. १९९९ च्या जॅग्ड अलायन्स २ मध्ये तर भाडोत्री सैनिक चक्क झोपतात, सतत चालवलं की थकतात, लढाईत एनर्जी संपली की कोसळतात, पाण्याची बाटली जवळ असेल तर जरा सावरतात.

डार्केस्ट डंजन या गेममध्ये हिरोंचा मानसिक ताण, म्हणजे स्ट्रेस, ० पासून २०० पर्यंत मोजला जातो. १०० ला पोचला की हिरोची परीक्षा होते, बहुतेक वेळा तो बिघडतो, स्वार्थी होतो, संशयी होतो, हील घ्यायला नकार देतो, काहीबाही बोलून बाकीच्यांचा पण स्ट्रेस वाढवतो, आणि क्वचित उलट होऊन तो एकदम खंबीर होतो. २०० ला पोचला की हार्ट अटॅक. मग त्याला टॅव्हर्न किंवा ॲबीमध्ये ठेवून पैसे खर्चून स्ट्रेस उतरवायचा आणि तो आठवडा त्याच्याशिवाय काढायचा. इथे विश्रांतीची किंमत सोन्यात मोजावी लागते, एक्सकॉममध्ये ती दिवसांत मोजावी लागते, एवढा फरक सोडला तर दोन्हीकडे खेळाडूला दुसरी फळी उभी करायलाच लावलंय.

बॅटल ब्रदर्स या गेममधला थकवा मात्र पूर्ण वेगळा, तो लढाईच्या आतला आहे. प्रत्येक वाराला, प्रत्येक पावलाला थकवा चढतो आणि प्रत्येक टर्नला १५ उतरतो. हातात ९ ॲक्शन पॉइंट असतात, एका हाताच्या शस्त्राचा वार साधारण ४ चा, म्हणजे टर्नला दोन वार. समजा एका वाराला १० थकवा धरला तर टर्नला २० चढला, १५ उतरला, म्हणजे फक्त जागेवर उभं राहून मारत राहिलात तरी दर टर्नला ५ साठतोय. त्यात ढाल, त्यात चाल, त्यात जड चिलखत, कारण चिलखत जितकं जड तितकी थकवा सोसायची मर्यादाच कमी होते. नवीन खेळाडू सगळ्यात महाग चिलखत सगळ्यांना घालतो आणि सहाव्या-सातव्या टर्नला ओळीतले अर्धे लोक नुसते उभे असतात, हात उचलायला दम नाही. तिथे टीम फिरवण्यापेक्षा एकाच लढाईत कोण कधी जोर लावणार आणि कोण एक टर्न थांबणार हे ठरवणं जास्त महत्त्वाचं. दोन-तीन वार वाचवून ठेवलेला माणूस शेवटच्या टर्नला लढाई जिंकून देतो.

परत एक्सकॉमकडे येऊ, कारण सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न राहिलाच, की पिवळ्या माणसाला कधीच न्यायचं नाही का. न्यायचं, पण कारण असेल तर. मिशन हरलं तर कॅम्पेनच अडचणीत येणारे आणि हिरव्यांमध्ये एकही हील करणारा नाही, तर पिवळा स्पेशालिस्ट न्या, त्याला मागे ठेवा, आडोशाला ठेवा, त्याच्याकडून फक्त हील आणि हॅकिंग करून घ्या. त्याचा बाँड असलेला साथीदार सोबत असेल तर अजून बरं, पॅनिक झालाच तर बाँडमेट जवळ जाऊन त्याला सावरू शकतो. एक पिवळा निभावून नेता येतो. दोन पिवळे म्हणजे जुगार. लाल माणसाला मात्र बसू द्या, त्याच्या जागी स्क्वॉडमध्ये एक जण कमी नेला तरी चालेल असं माझं स्पष्ट मत आहे.

आणि कॅम्पेनचं शेवटचं मिशन हा एकच अपवाद, तिथे नंतर कुणाला विश्रांती द्यायचीच नसते. म्हणून त्याच्या आधीचे दोन आठवडे पहिल्या फळीला अजिबात हात लावायचा नाही, येतील ती मिशन्स दुसऱ्या फळीने करायची, सहाच्या सहा जण पूर्ण हिरवे करायचे, जोड्या एकत्र ठेवायच्या, आणि तिथे पोचल्यावर विल वाचवायचा विचार डोक्यातून काढून टाकायचा.